टोपण नांवाचा पडदा

यंदा या अंकासाठीं मुलींचे जे लेख आम्हांकडे आले, त्यांपैकीं एका उत्तम निबंधाखालीं लेखिकेनें आपलें नांवच घातलें नव्हतें. विचारतां ती म्हणाली, "घरीं आवडणार नाहीं, गुरुजी." निबंधांत वावगें असें एक अक्षर नाहीं; थोरल्या बहिणीचें लग्न हुंड्यापायीं अडलें, एवढीच हकीकत आहे. तो वाचतांना आम्हांस मालतीबाई बेडेकरांचें स्मरण झालें.

मालतीबाई, माहेरच्या बाळूताई खरे, यांचा जन्म १९०५ चा. अण्णासाहेब कर्वे यांच्या हिंगण्याच्या संस्थेंत शिकून त्या स्वतः शिक्षिका झाल्या. १९३३ सालीं 'विभावरी शिरूरकर' या नांवानें त्यांचा 'कळ्यांचे निःश्वास' हा कथासंग्रह निघाला आणि महाराष्ट्रांत एकच खळबळ उडाली. शिकल्यासवरल्या, परंतु अविवाहित राहिलेल्या मुलींचें मन त्यांत उघडें केलें होतें. ही विभावरी कोण, बाई की बुवा, याचाच खल चालला! पुढल्याच वर्षीं 'हिंदोळ्यावर' ही कादंबरी आली. पतीपासून दुरावलेल्या स्त्रीनें पुनः संसार मांडावा काय, हा तिचा प्रश्न. शाळेंत शिकविणाऱ्या बाईस असला विषय स्वनांवानें हाताळणें त्या काळीं किती जड गेलें असतें, हें आम्हां शिक्षकांस कोणी सांगावयास नको.

कित्येक पालक म्हणतील कीं, मग पडदाच बरा. आम्हांस तसें वाटत नाहीं. पडद्यानें लेखिकेचें रक्षण झालें खरें, परंतु कथांतील दुःख बाजूस राहून लोक नांवाचा शोध करीत बसले.

आमच्या मतें त्यांची श्रेष्ठ कृति 'बळी' (१९५०) ही होय. गुन्हेगार ठरविलेल्या जमातींस सरकार तारेच्या कुंपणांत ठेवीत असे. सोलापूरच्या तशा वसाहतींत मालतीबाईंनीं काम केलें होतें. जन्मतांच गुन्हेगार ठरलेल्या माणसांचें जिणें त्यांनीं तेथें डोळ्यांनीं पाहिलें, तें या कादंबरींत आलें. तो कायदा १९५२ सालीं रद्द झाला. याही पुस्तकावर नांव विभावरीचेंच आहे. पण विभावरी म्हणजे कोण, हें तोंवर गुपित राहिलें नव्हतें. २००१ सालीं मालतीबाई वारल्या.

त्या निबंधाविषयीं मुलीच्या वडिलांस भेटावयास आम्ही येत्या रविवारीं जाणार आहों. तोंवर तो आमच्या मेजावरच राहील.