‘जसें आहे तसें’

उपनगरांतील सामान्य घरांच्या दैनंदिन जीवनावर निरीक्षणपर चित्रपट निघाले कीं आमचे रसिक टीकाकार एका वाक्यांत त्यांची स्तुति उरकतात : ‘जसें आहे तसें दाखविलें आहे.’ मुलाखत नाहीं, उपदेश नाहीं. तेव्हां सत्य आपल्या पायांनीं चालत पडद्यावर आलें, असा या मंडळींचा भाव दिसतो. हा भाबडेपणा निरुपद्रवी असता तर मीं लेखणी उचलली नसती.

या पंथांतील सर्वांत गाजलेलें उदाहरण घ्या. १९७१ सालीं क्रेग गिल्बर्ट या निर्मात्यानें कॅलिफोर्नियांतील सांता बार्बरा येथील लाउड कुटुंबाच्या घरीं सात महिने कॅमेरा नेला. ‘ॲन अमेरिकन फॅमिली’ या नांवानें तें चित्रण १९७३ मध्यें बारा भागांत अमेरिकेच्या सार्वजनिक दूरचित्रवाणीवर आलें. पोहण्याचा तलाव, न्याहारीचें टेबल, टेलिफोनवरील लांबलचक गप्पा, सारें कसें अगदीं खरेंखुरें! पण चित्रण होतें सुमारें ३०० तासांचें आणि प्रेक्षकांनीं पाहिलें सुमारें १२ तासांचें. म्हणजे दर पंचवीस तासांतील चोवीस तास कोणींतरी बाजूस सारले. आरसा अशी निवड करीत नाहीं.

शिवाय कर्त्याचा हात केवळ कात्रीपुरता थांबलेला नाहीं. पहिल्या भागाचा आरंभच त्या वर्षाच्या शेवटच्या रात्रीनें होतो. संसार मोडल्याचें प्रेक्षकाला आधींच कळतें आणि मग मागचे महिने उलगडूं लागतात. साधी न्याहारीसुद्धां अशुभाची चाहूल वाटते. नाटककारानें हें केलें असतें तर त्यास आपण कथानकरचना म्हटलें असतें. पुढें प्रवासाहून परतलेल्या पतीच्या हातीं पॅट लाउड वकिलाचें कार्ड ठेवते. प्रसंग खरा आहे, याबद्दल माझा वाद नाहीं. परंतु त्याआधींचें प्रत्येक हसणें पोकळ वाटावें, ही योजना कोणाची?

कॅमेऱ्याच्या उपस्थितीचा परिणाम कुटुंबावर झालाच, असें गिल्बर्ट यांनीं पहिल्याच भागांत सांगून टाकलें आहे. कर्ता कबुली देतो, आणि टीकाकार ती ऐकावयास तयार नाहींत! सुखाचे क्षण गाळले गेले, अशी तक्रार कुटुंबानें केली. तिची वासलात उपहासानें लागली. कादंबरी वाईट निघाली तर आपण कादंबरीकारास जाब विचारतों. येथें कर्ता अदृश्य, म्हणून निवाडा जित्या माणसांचा, आणि तोहि त्यांच्या नांवागांवासह. ती बाई थंड, तो नवरा उथळ, तीं मुलें ऐदी, असे निकाल ज्यांनीं बसल्या बैठकीस दिले, त्यांनीं उरलेले २८८ तास पाहिले होते काय?