उंबरठ्याच्या आत राज्यघटना येते का?

मैत्रिणींनो, या आठवड्याच्या टपालात दोन पत्रं लागोपाठ हाती आली.

पहिलं पत्र तालुक्याच्या गावातल्या एका भगिनीचं. लग्नाला अकरा वर्षं झाली, पदरी दोन मुलं. नवऱ्याशी पटेनासं झालं आणि त्यानं घटस्फोटाचा अर्ज केला. आता त्याच्या वकिलानं कोर्टात एक मेमरी कार्ड हजर करायची परवानगी मागितली आहे. त्यात म्हणे तिची दोन वर्षांतली बोलणी आहेत. भांडणातली, रडतानाची, रागाच्या भरात तोंडातून गेलेली. ती लिहिते, “ताई, मी माझ्या घरात माझ्या माणसाशी बोलत होते. मला काय ठाऊक, ते सगळं कोर्टासाठी साठवलं जातंय म्हणून!”

दुसरं पत्र शहरातलं. “नवरा चारचौघांत गोड. दार लावलं की शिव्या, आणि कधी कधी हातही. साक्षीला येणार कोण? सासूबाई? शेवटी मी फोन ओट्यावर डब्यांच्या आड ठेवला आणि सगळं टेप केलं. हे कोर्टात चालेल का? की मलाच दोष लागेल?”

प्रश्न एकच, पण एकीला त्याच्या उत्तराची भीती आणि दुसरीला त्याचाच आधार. म्हणून आज जरा जड विषय घेतला आहे. नवराबायकोच्या बोलण्याला राज्यघटनेचं संरक्षण आहे का, यावर आपल्या हायकोर्टांनी काय काय म्हटलं, ते निवडून-पाखडून तुमच्यापुढे ठेवते. कुकरच्या शिट्या मोजता मोजता वाचलंत तरी चालेल!

आधी एक गोष्ट लक्षात घ्या. पेपरात “हायकोर्टाचा निर्णय” असा मथळा दिसला की आपल्याला वाटतं, झालं, देशाचा कायदा बदलला. तसं नसतं. एका राज्याच्या हायकोर्टाचा निर्णय त्याच्या हाताखालच्या कोर्टांना बांधील. दुसऱ्या राज्यात तो वजनदार मत म्हणून वाचून दाखवता येतो, इतकंच. त्यामुळे एकाच प्रश्नावर दोन हायकोर्टं दोन टोकाचं बोलू शकतात. सर्वोच्च न्यायालयानं निकाल दिला, की मात्र घटनेच्या कलम १४१ प्रमाणे तो सगळ्यांना लागू होतो.

असंच दोन टोकाचं बोलणं १९८३ साली झालं होतं. हिंदू विवाह कायद्याचं कलम ९ तुम्हाला नावानं नाही तरी अनुभवानं माहीत असेल. नवरा किंवा बायको कारणाशिवाय वेगळी राहिली, तर दुसऱ्यानं कोर्टात जाऊन “नांदायला या” असा हुकूम मागायचा. आपल्याकडे या दाव्याची आठवण फार जुनी आहे. लहानपणी लग्न झालेल्या रखमाबाईंनी नवऱ्याकडे जायला नकार दिला, तेव्हा त्यांच्यावर मुंबई हायकोर्टात असाच दावा चालला होता. १८८५ साली त्या जिंकल्या, पण अपिलानंतर १८८७ साली नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात, असा हुकूम झाला. रखमाबाईंनी तुरुंगाची तयारी दाखवली. पुढे तडजोड झाली आणि त्या विलायतेत जाऊन डॉक्टर होऊन आल्या.

जुलै १९८३ मध्ये आंध्र प्रदेश हायकोर्टाचे न्यायमूर्ती पी. ए. चौधरी यांनी हे कलम ९ च घटनाबाह्य ठरवलं. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं, की कोणाजवळ राहायचं, आपल्या देहाला कोणी हात लावायचा, मूल केव्हा व्हावं, हे त्या बाईचं तिनं ठरवायचं. तिच्या मनाविरुद्ध हा हुकूम दिला, तर तो निर्णय तिच्या हातून सरकारच्या हातात जातो. कागदावर कलम नवराबायको दोघांनाही सारखंच आहे, पण त्याचा भार बाईच्याच अंगावर येतो, हेही त्यांनी दाखवलं.

चारपाच महिन्यांतच दिल्ली हायकोर्टाचे न्यायमूर्ती अवध बिहारी रोहतगी यांनी नेमकं उलट सांगितलं. घरात राज्यघटना आणणं म्हणजे चिनी मातीच्या भांड्यांच्या दुकानात बैल शिरू देण्यासारखं आहे, असं त्यांचं म्हणणं. नवराबायकोच्या खासगी जगात ना समानतेचं कलम १४ शोभतं, ना जीविताचं आणि स्वातंत्र्याचं कलम २१. ऑगस्ट १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं दिल्लीची बाजू उचलली आणि कलम ९ टिकलं.

नीट पाहिलंत तर गंमत आहे. खासगीपणाचा मान दोन्ही न्यायमूर्तींनी राखला, पण एकानं राखला तो बाईचा आणि दुसऱ्यानं राखला तो घराचा. घराचं दार बंद ठेवायचं म्हटलं, की आत जो बलवान त्याचंच राज्य! हा फरक मनात ठेवून पुढे वाचा, कारण आजचं सगळं भांडण त्यावरच उभं आहे.

२४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमतानं सांगितलं, की खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे. आणि तो माणसाचा आहे. खासगीपणाच्या आडून घरातली पुरुषी सत्ता झाकता येणार नाही, असंही त्या निकालात म्हटलं आहे. म्हणजे राज्यघटना उंबरठ्यापर्यंत तर आली. प्रश्न उरला तो हा, की घरातल्याच माणसानं तो हक्क मोडला तर?

आणि इथे आपला मोबाईल फोन आला!

दिल्ली हायकोर्टापुढे एक प्रकरण होतं. बायको मैत्रिणीशी फोनवर बोलत होती आणि ते बोलणं शयनगृहात बसवलेल्या कॅमेऱ्यानं टिपलं होतं. नवऱ्यानं तेच पुरावा म्हणून आणलं. जून २०२० मध्ये हायकोर्ट म्हणालं, पुरावा प्रकरणाशी संबंधित असेल तर कौटुंबिक न्यायालयानं तो पाहावा. पुरावा कसा मिळवला, एवढ्यावरून तो नाकारता येणार नाही.

दुसरं प्रकरण भटिंड्याचं. लग्न २००९ सालचं, घटस्फोटाचा अर्ज २०१७ चा. नवऱ्यानं बायकोशी झालेली फोनवरची बोलणी तिच्या नकळत टेप केली होती. कौटुंबिक न्यायालयानं ती घ्यायला परवानगी दिली. बायको हायकोर्टात गेली आणि नोव्हेंबर २०२१ मध्ये पंजाब व हरियाणा हायकोर्टाच्या न्यायमूर्ती लिसा गिल यांनी तिच्या बाजूनं निकाल दिला. त्यातलं एक कारण प्रत्येकीनं वाचावं असं आहे. टेप करणाऱ्याला माहीत असतं की टेप चालू आहे, समोरच्याला नसतं. मग करणारा शब्द तोलूनमापून बोलतो, नको तिथे डिवचतो, आणि दुसरा उसळून बोलतो तेवढं टेपमध्ये राहतं. ते बोलणं कसं निघालं, कोणी काढलं, हे कोर्टाला कसं कळणार? आणि संसारात प्रत्येक वाक्य कोर्टात वाचलं जाईल या धाकानं कोणी बोलतं का?

या निकालानं अनेकींना हायसं वाटलं. पण १४ जुलै २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती बी. व्ही. नागरत्ना आणि सतीशचंद्र शर्मा यांनी तो फिरवला आणि कौटुंबिक न्यायालयाचा हुकूम पुन्हा कायम केला.

त्यांची कारणं अशी. पुरावा कायद्याचं कलम १२२ नवराबायकोतलं बोलणं उघड करू देत नाही. (१ जुलै २०२४ पासून हे कलम भारतीय साक्ष अधिनियमात १२८ व्या क्रमांकावर आहे.) पण त्याच कलमात सूट आहे. खटला नवरा आणि बायको यांच्यातच असेल, किंवा एकानं दुसऱ्याविरुद्ध केलेल्या गुन्ह्याचा असेल, तर ते बोलणं पुढे आणता येतं. हे कलम लग्नसंस्थेच्या जपणुकीसाठी आहे, दोघांपैकी एकाचा खासगीपणा दुसऱ्यापासून राखण्यासाठी नाही. आणि आपली बाजू मांडण्याची न्याय्य संधी हाही कलम २१ मधलाच हक्क आहे. अशा निकालानं नवराबायको एकमेकांवर पाळत ठेवू लागतील, या भीतीवर न्यायालय म्हणालं, की जिथे पाळत सुरू झाली तिथे विश्वास आधीच मोडलेला असतो.

मला विचाराल, तर हे शेवटचं म्हणणं मनाला पुरतं पटत नाही. पाळत हे मोडलेल्या संसाराचं लक्षण असेल, पण ती संसार मोडूही शकते. शिवाय घरात नवा फोन कोणाच्या हाती, सिमकार्ड कोणाच्या नावावर, पासवर्ड कोणाला ठाऊक, हे सगळ्या घरांत सारखं नसतं. पाळत ठेवायची सोय ज्याच्या हाती जास्त, त्यालाच हा निकाल जास्त उपयोगी. पण दुसऱ्या पत्रातली भगिनी आठवली की माझीच लेखणी थबकते. बंद दाराआडच्या मारहाणीला फोनखेरीज साक्षीदार कोण? घराचाच खासगीपणा राखला असता, तर तिचा आवाज दाराबाहेर आलाच नसता.

आता दोघींना उत्तर.

पहिल्या भगिनीला : घाबरून तडजोडीची सही करू नका. टेप घ्यायला परवानगी मिळाली म्हणजे टेप खरी ठरली असं नाही. आवाज तुमचाच का, मधला भाग कापला का, आधी त्यानं काय म्हटलं होतं, हे सगळं उलटतपासणीत विचारता येतं. न्यायमूर्ती गिल यांनी मांडलेली शंका वकिलांनी तिथे जरूर मांडावी. टेप नाकारायला ती आता पुरी पडणार नाही, पण टेपचं वजन कमी करायला उपयोगी पडेल. शिवाय कौटुंबिक न्यायालय कायद्याच्या कलम ११ प्रमाणे तुम्ही मागितलंत, तर सुनावणी बंद दालनात घ्यावीच लागते. म्हणजे तुमचं रडणं चारचौघांच्या कानी जाणार नाही.

दुसऱ्या भगिनीला : तुमची टेप चालू शकते, दोष लागणार नाही. पण मूळ फोन जपून ठेवा, विकू नका, टेपची काटछाट करू नका. साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे सोबत प्रमाणपत्र जोडावं लागतं, ते वकिलांकडून करून घ्या. नुसत्या टेपवर विसंबू नका. मार लागला तर सरकारी दवाखान्यात नोंद करा. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली संरक्षण अधिकाऱ्याकडे जाता येतं. वकिलाच्या फीची काळजी असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज द्या. बाईला तिथे मिळकत न पाहता मोफत वकील मिळतो.

आणि तुम्हा सगळ्यांना एक सावधगिरीचा शब्द. भटिंड्याचं प्रकरण नवराबायकोच्या आपसांतल्या बोलण्याचं होतं. नवऱ्याच्या किंवा बायकोच्या फोनमध्ये गुपचूप काही घालून त्याचे निरोप वाचणं, ही वेगळी गोष्ट. परवानगीशिवाय दुसऱ्याच्या यंत्रात शिरण्याविरुद्ध २००० सालचा माहिती तंत्रज्ञान कायदा आहे, आणि त्यात नवराबायकोला सूट नाही. पुरावा कोर्टानं पाहिला म्हणून तो मिळवताना झालेला गुन्हा धुऊन निघत नाही. २०२५ मध्येच छत्तीसगड हायकोर्टानंही सांगितलं, की लग्न झालं म्हणून बायकोच्या फोनवर नवऱ्याचा आपोआप हक्क पोचत नाही, आणि पासवर्डसाठी तिच्यावर जबरदस्ती करणं हा तिच्या खासगीपणाचा भंग आहे. तो हिंसाचारही ठरू शकतो. निकाल त्या राज्याचा, पण महाराष्ट्रातल्या वकिलालाही वाचून दाखवता येईल असा.

म्हणून मथळ्यातल्या प्रश्नाचं माझं उत्तर असं. हो, राज्यघटना उंबरठ्याच्या आत आली आहे. पण ती अजून ओसरीवरच बसली आहे, माजघरापर्यंत तिची पावलं पोचायची आहेत. ती पोचवली आहे ती दर वेळी कुठल्या तरी एका बाईनं, कोर्टाची पायरी चढून.

पुढच्या आठवड्यात स्त्रीधनाबद्दल. लग्नातले दागिने सासूबाईंच्या कपाटात असतील तर ते कोणाचे, असं विचारणारी पत्रं बरीच साठली आहेत. तोवर आपापल्या फोनचं कुलूप नीट लावा, आणि शक्य असेल त्या घरात त्याची गरज पडणार नाही असं बोला.