कैकाड्याची हद्द कोण पुसणार?

गिरणीकामगार बांधवांनो,

आपली हजेरी मस्टरवर लागते ती पगारासाठी. पण इंग्रजी अमदानीत सोलापूरच्या गिरण्यांत असेही कामगार होते, ज्यांची हजेरी दोनदा लागे. एक गिरणीच्या दारात आणि दुसरी काटेरी तारेच्या कुंपणात! पाळी सुटली की बाकीचे घरी जात, हे मात्र सेटलमेंटमध्ये. गुन्हा कोणता? तर कैकाड्याच्या, पारध्याच्या पोटी जन्म घेतला!

१८७१ साली सायबाने गुन्हेगार जमातींचा कायदा केला आणि १९११ नंतर तो आपल्या मुंबई इलाख्यातही आणला. ज्याचा सातबारा नाही, ज्याचा मुक्काम आज इथं तर उद्या तिथं, तो सरकारच्या डोळ्यांना चोरच दिसायचा. बैलांवर मीठ-धान्य वाहणाऱ्या बंजाऱ्याचा धंदा आगगाडीने बुडवला आणि वर हा शिक्का बसला.

३१ ऑगस्ट १९५२ ला कायदा देशातून गेला. तार तुटली खरी, पण पुढं काय?

१ मे १९६० ला मराठी मुलूख एक झाला. आपण गुलाल उधळला आणि रास्तच केलं. पण एक जुनी हद्द तशीच राहिली, तिकडं कुणाचं लक्ष गेलं नाही. आपलंही नाही, हे कबूल करू या. कैकाडी नागपूर-अमरावतीकडे अनुसूचित जातीत, आणि तोच कैकाडी सोलापूर-पुण्याकडे विमुक्त जातीत! मध्यप्रांत-वऱ्हाड केव्हाच गेला, त्याची रेघ कैकाड्याच्या कपाळावर अजून आहे. दोन सख्खे भाऊ, एकानं यवतमाळला पाल ठोकलं, दुसऱ्यानं नांदेडला. त्यांची नातवंडं सरकारी दप्तरात निराळी. बंजाऱ्याचं तर विचारूच नका. तेलंगणात तो अनुसूचित जमात, कर्नाटकात अनुसूचित जात, इथं विमुक्त. तांडा तोच, बोली तीच.

बरं, विमुक्ताचा दाखला काढायला जावं, तर २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीच्या रहिवासाचा पुरावा मागतात. अहो, ज्याला पोलीसपाटील गावाबाहेर तीन रात्रींच्या वर टिकू देत नव्हता, त्यानं घरपट्टीची पावती आणायची कुठून?

अनुसूचित जातींची यादी बदलणं मंत्रालयाच्या हातात नाही. घटनेच्या ३४१ व्या कलमाप्रमाणे ते काम संसदेचं. तेव्हा खासदार मतं मागायला चाळीत आले की आपल्या बोनसचं विचाराच. पण त्याच दमात विचारा, की साहेब, कैकाड्याची हद्द कधी पुसताय?