जागा जाते, प्रश्न उरतो

महाडचा सत्याग्रह १९२७ चा. चवदार तळ्याच्या दाव्यावर मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल आला तो मार्च १९३७ मध्ये. दहा वर्षे लागली. पण पाण्यावर हक्क कोणाचा, हे न्यायालयाने सांगितले. तळे दहा वर्षांनीही जागेवर असते. महाविद्यालयातील जागा मात्र एका सत्रात निघून जाते. प्रवेशाच्या याचिकेत तारखा पडत राहतात, वर्ग सुरू होतात आणि शेवटी ‘याचिका निष्फळ ठरली’ एवढेच ऐकू येते. विद्यार्थ्यावर अन्याय झाला होता की नाही, हा प्रश्न अनुत्तरितच राहतो.

अमेरिकेत १९७४ च्या डीफ्यूनिस खटल्यात हेच घडले. अल्पसंख्याकांना मिळणाऱ्या प्राधान्याविरुद्ध दाद मागणारा गोरा विद्यार्थी न्यायालयाच्याच आदेशाने शिकत शेवटच्या सत्रात पोचला होता. म्हणून सर्वोच्च न्यायालयाने पाच विरुद्ध चार मतांनी निर्णय टाळला. त्याची मागणी आम्हांस मान्य नाही. पण उत्तर टाळल्याने प्रश्न मिटला नाही. १९७८ मध्ये तो बॅकी खटल्यात पुन्हा उभा राहिला.

आपल्या नागपूरशी निगडित ‘महाराष्ट्र शासन विरुद्ध मिलिंद’ हा खटला याउलट आहे. १९८५-८६ मध्ये हलबा जमातीच्या दाखल्यावर वैद्यकीय प्रवेश झाला. निकाल लागला २८ नोव्हेंबर २००० रोजी. पंधरा वर्षे उलटली म्हणून घटनापीठाने तो प्रवेश अबाधित ठेवला, परंतु प्रश्न सोडून दिला नाही. राष्ट्रपतींच्या आदेशातील अनुसूचित जमातींच्या यादीत न्यायालय किंवा शासन फेरफार करू शकत नाही, हे स्पष्ट केले. कोष्टी बांधवांच्या कष्टांविषयी आम्हांस आदर आहे. तरीही त्या राखीव जागेवर ज्या आदिवासी मुलाला बसता आले असते, त्याला या निकालाने काय दिले? काहीच नाही. त्याच्या मागून येणाऱ्यांना मात्र कायदा मिळाला.

अलीकडे न्यायालयाने आणखी पुढचे पाऊल टाकले आहे. डिसेंबर २०१९ मध्ये एस. कृष्णा श्रद्धा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वैद्यकीय प्रवेशांबाबत सांगितले की, दोष विद्यार्थ्याचा नसेल आणि त्याने विनाविलंब दाद मागितली असेल, तर मुदत संपली तरी पुढील वर्षी जागा देता येते. केवळ नुकसानभरपाईवर त्याची बोळवण करू नये. नोव्हेंबर २०२१ मध्ये शुल्क भरताना तांत्रिक अडचण आल्याने प्रवेश हुकलेल्या एका दलित विद्यार्थ्यासाठी, इतर कोणाचीही जागा न काढता, आयआयटी मुंबईत जागा निर्माण करण्याचा आदेश दिला गेला.

म्हणून आमचे म्हणणे असे : प्रवेशाची प्रकरणे सत्र सुरू होण्यापूर्वी निकाली निघावीत, ते न जमल्यास निदान कायद्याचा प्रश्न तरी निकाली काढावा. एकाचे वर्ष बुडाले तरी पुढच्या वर्षी त्याच दारात दुसरे मूल उभे असते.

पालकांनी जातवैधता प्रमाणपत्र वेळेत काढावे, शुल्क शेवटच्या दिवसावर ठेवू नये आणि नकार मिळाल्यास तो लेखी घ्यावा. माजी विद्यार्थ्यांमध्ये जे वकील आहेत, त्यांनी दरवर्षी प्रवेशाच्या काळात या मुलांसाठी थोडा वेळ राखून ठेवावा. ‘संघर्ष करा’ या बाबासाहेबांच्या आदेशात वेळेवर संघर्ष करणेही येते.