बापाचा अंगठा, लेकीची सही



पहिल्या चाचणीनंतर प्रगतिपुस्तकं घरून सही होऊन परत आली की मी ती एकेक करून बघते. यंदा आठवीतल्या एका मुलीच्या पुस्तकावर आईच्या नावाची सही होती. अक्षर ठसठशीत, वळणदार. ते मुलीचंच आहे हे लगेच कळत होतं. मधल्या सुट्टीत तिला बाजूला घेऊन विचारलं. बराच वेळ ती काही बोलली नाही. मग म्हणाली, "मॅडम, अम्मीला सही येत नाही. अंगठा बघून मुली हसतात."

मी तिला रागावणार होते, पण रागावले नाही. का, ते शेवटी सांगते. आधी या उन्हाळ्याच्या सुट्टीत वाचलेल्या चार पुस्तकांबद्दल बोलू या, कारण ती पुस्तकं वाचली नसती तर मी बहुधा रागावलेच असते.

ही चारही पुस्तकं फ्रान्सची आहेत. फ्रान्स म्हटलं की आपल्या घरांत पहिली आठवण निघते ती डोक्यावरच्या रुमालाची. २००४ साली तिथं कायदा झाला आणि सरकारी शाळांत मुलींना रुमाल बांधून बसायची बंदी आली. ती बातमी आपल्याला लागली, लागायलाच हवी होती. पण एका देशाबद्दल एवढंच माहीत असणं पुरेसं नाही. तिथली माणसं घरात कशी बोलतात, पोरं आईबापांशी कशी वागतात, हे बातमीतून कळत नाही. ते कादंबरीतून कळतं. मला फ्रेंच येत नाही. मी ही पुस्तकं इंग्रजी भाषांतरातून, शब्दकोश शेजारी ठेवून वाचली.

सुरुवात जुन्यापासून केली. व्हिक्टर ह्युगोची 'ले मिझराब्ल' १८६२ साली आली. मराठीत साने गुरुजींनी ती 'दुःखी' या नावानं आणली, म्हणून आपल्यापैकी काहींना तिची गोष्ट ठाऊक असेल. बहिणीच्या सात पोरांसाठी पाव चोरणारा जाँ व्हालजाँ, त्याची पाच वर्षांची शिक्षा, पळून जाण्याच्या प्रयत्नांमुळे तिची झालेली एकोणीस वर्षं आणि चांदीची भांडी चोरली तरी त्याला न पकडवणारा बिशप. हे सगळ्यांच्या लक्षात राहतं. या वेळी माझं लक्ष गेलं ते फाँतीनकडे.

फाँतीन ही कारखान्यात काम करणारी बिनलग्नाची आई. मुलगी कोझेत हिला ती दूर एका खानावळवाल्याच्या घरी ठेवते आणि दर महिन्याला पैसे पाठवते. मुलीची गोष्ट तिनं सगळ्यांपासून लपवलेली असते. पण तिला लिहिता येत नाही. पत्रं लिहून देणाऱ्या म्हाताऱ्याकडे जावं लागतं आणि तो प्याला की त्याच्या पोटात काही राहत नाही. गावातल्या चौकस बायकांना बातमी लागते. फाँतीनचं काम जातं. पुढे ती केस विकते, दात विकते आणि अखेर स्वतःला विकते. लोक म्हणतात, गरिबीनं तिचा जीव घेतला. ते खरंच आहे. पण तिची एक पत्रापुरती अक्षरओळख असती तर तिचं गुपित तिच्याच हातात राहिलं असतं. फ्रान्समध्ये प्राथमिक शाळा मोफत आणि सक्तीची झाली ती १८८१-८२ च्या कायद्यांनी. ही कादंबरी त्याच्या वीस वर्षं आधीची आहे.

मग शाळा आली, सगळी पोरं शिकू लागली, तेव्हा सगळं ठीक झालं का? पुढची दोन पुस्तकं याच प्रश्नाबद्दल आहेत.

आनी एर्नो या लेखिकेला २०२२ सालचं साहित्याचं नोबेल मिळालं. त्यांचं 'ला प्लास' हे छोटंसं पुस्तक १९८३ चं. याला कादंबरी म्हणायला लेखिका स्वतःच तयार नाहीत, कारण यात रचलेलं काही नाही, त्यांच्या वडिलांचं आयुष्य आहे. आजोबा शेतावर गाडीवान, निरक्षर. घरात कुणी पुस्तक किंवा वर्तमानपत्र घेऊन बसलेलं दिसलं की त्यांचा संताप व्हायचा. वडिलांना बाराव्या वर्षी शाळेतून काढून शेतावर कामाला लावलं. नंतर ते कारखान्यात गेले आणि पुढे नॉर्मंडीतल्या एका लहानशा गावात त्यांनी किराणा दुकान आणि कॅफे टाकला. मुलगी मात्र शिकत गेली.

एक प्रसंग मी दोनदा वाचला. शाळेत बाई मुलीचं बोलणं सुधारतात. मुलगी घरी येऊन वडिलांचं बोलणं सुधारायला लागते. तुम्ही म्हणता तसा शब्दच नाही, असं त्यांना सांगते. वडील भयंकर चिडतात. मग ती रडून म्हणते की तुम्हीच नेहमी चुकीचं बोलता, तर बाई मला चूक काढणारच ना. बाप गप्प होतो.

मी पंधरा-वीस वर्षं मुलांचं 'हमकू-तुमकू' आणि 'आनी-पानी' सुधारत आले आहे. प्रमाण भाषा शिकवायलाच हवी, त्याशिवाय परीक्षा सुटत नाही. पण मी वर्गात काढलेली चूक संध्याकाळी त्या मुलाबरोबर घरी जाते आणि तिथं ती बापाच्या तोंडावर निघते, हा विचार बी.एड.ला मला कुणी शिकवला नव्हता.

माध्यमिक शाळेत शिकवण्याची परीक्षा एर्नो पास झाल्या आणि त्यानंतर दोन महिन्यांनी वडील वारले. त्यांच्या पाकिटात वर्तमानपत्राचं एक जुनं कात्रण सापडलं. शिक्षिकांच्या प्रशिक्षणाच्या प्रवेश परीक्षेचा निकाल होता तो. त्यात दुसरं नाव त्यांच्या मुलीचं होतं. लेक आपल्या बोलण्याची लाज बाळगते हे ज्याला कळत होतं, तोच बाप तिच्या नावाचं कात्रण इतकी वर्षं खिशात घेऊन फिरत होता.

दुसरं पुस्तक अझूझ बेगाग यांचं, 'ल गोन द्यु शाआबा', १९८६ चं. लेखकाचे आईवडील अल्जेरियाचे. तो देश १८३० पासून १९६२ पर्यंत फ्रान्सच्या ताब्यात होता. तिथून मजूर आणून फ्रान्सनं आपले कारखाने चालवले, रस्ते आणि इमारती बांधल्या, पण त्या मजुरांची घरं मात्र पत्र्याची आणि फळ्यांची राहिली. लिऑन शहराला लागून असलेल्या व्हिलरबानमधल्या अशाच एका झोपडपट्टीत हा मुलगा वाढतो. वीज नाही, सगळ्यांत मिळून एकच पाण्याचा पंप. बाप निरक्षर मजूर आहे, पण मुलांनी शिकावं यासाठी घरात सगळ्यांत कडक तोच. मुलगा वर्गात पुढे येतो, तेव्हा त्याच्याच वस्तीतली पोरं त्याला म्हणतात, तू आमच्यातला नाहीस, तू फ्रेंच झालास. आणि चांगला निबंध लिहिला तर एका बाईंना वाटतं की यानं तो कुठल्या तरी पुस्तकातून उतरवलाय. दोन्हीकडून मार.

पुढे घर बदलतं, शाळा बदलते. एकदा शाळा सुटताना त्याची आई फाटकाशी उभी असते, अंगात गावाकडचा पायघोळ पोशाख. सोबत नवे मित्र असतात. मुलगा तिला लांबूनच खूण करतो, जा म्हणून. मित्रांना दाखवतो की ही कोण, आपल्याला ठाऊक नाही. आई निघून जाते. घरी आल्यावर ती त्याला विचारते, माझी लाज वाटते का तुला? तो नाही म्हणतो. ती समजायचं ते समजते.

या पुस्तकात एक चांगले शिक्षकही आहेत. अल्जेरियात राहिलेले फ्रेंच गृहस्थ, अरबी जाणणारे. ते भर वर्गात मुलाला त्याच्या घरच्या भाषेतले शब्द विचारतात. ज्या भाषेची त्याला लाज वाटत होती, तिला मास्तरांच्या तोंडी मान मिळतो. त्याच वर्षी त्याचा निबंध वर्गात पहिला येतो. पुढे हे बेगाग २००५ मध्ये फ्रान्सचे मंत्रीही झाले. पण मला मंत्रिपदापेक्षा ते मास्तर मोठे वाटले.

चौथं पुस्तक अलीकडचं. फैझा गेन या मुलीनं 'किफ किफ दमँ' ही कादंबरी लिहिली आणि २००४ मध्ये ती प्रसिद्ध झाली तेव्हा ती फक्त १९ वर्षांची होती. म्हणजे रुमालाचा कायदा झाला त्याच वर्षी. गोष्ट पॅरिसजवळच्या सरकारी चाळींतली. पंधरा वर्षांची दोरिया आणि तिची आई यास्मिना. मुलगा हवा म्हणून बाप या दोघींना सोडून मोरोक्कोला परत गेला आहे, दुसरं लग्न करायला. आई हॉटेलात खोल्या झाडते. तिथं तिला कुणी नावानं हाक मारत नाही, सगळे 'फात्मा' म्हणतात. दोरिया हे सगळं इतक्या फटकळपणे सांगते की हसू येतं आणि मग हसल्याचं वाईट वाटतं.

रमजानात शाळेच्या खानावळीत जेवणार नाही, म्हणून पालकाची सही असलेला कागद द्यायचा असतो. दोरिया तो देते. मुख्याध्यापकांना संशय येतो की सही हिनंच ठोकली आहे, कारण सहीच्या जागी नुसती एक लाट काढलेली असते. आपल्या शाळेतल्या मुलीच्या आईला लिहिता येत नसेल, हे त्या गृहस्थांच्या मनातही येत नाही. इथं मी पुस्तक मिटून ठेवलं.

कादंबरीच्या शेवटाकडे आई हॉटेलचं काम सोडते आणि प्रौढांच्या वर्गात लिहायला-वाचायला शिकू लागते. जवळजवळ वीस वर्षं पॅरिसपासून अर्ध्या तासावर राहून तिनं आयफेल टॉवर पाहिलेला नसतो. तोही बघून येते. 'किफ-किफ' हा उत्तर आफ्रिकेतल्या अरबीतून फ्रेंचमध्ये गेलेला शब्द, अर्थ 'तेच ते'. उद्याही तेच ते, असं सुरुवातीला दोरिया म्हणते. पण फ्रेंच पोरांच्या बोलीत 'किफे' म्हणजे एखादी गोष्ट मनापासून आवडणं. हा शब्द अरबीतल्या 'कैफ'वरून आला, तोच कैफ जो उर्दूत आहे आणि मराठीतही आहे. शेवटी दोरियाचा उद्या 'तेच ते' राहत नाही, आवडावा असा होतो. आई वाचायला शिकली म्हणून लेकीचा उद्या बदलला. आपण नेहमी उलटं ऐकतो, लेक शिकली की घर शिकतं. तेही खरं आहे आणि हेही.

आता सांगते, मी त्या मुलीला का रागावले नाही.

माझे मरहूम अब्बा अडत पेठेत हमाल होते. उर्दू शाळेतून मी मराठी हायस्कुलात गेले. शिष्यवृत्तीच्या अर्जावर पालकाची सही हवी होती, म्हणून अब्बांना ऑफिसात नेलं. कारकुनानं पेन पुढे केलं. अब्बांनी माझ्याकडे पाहिलं. माझ्या मागे वर्गातल्या दोन मुली उभ्या होत्या. मी पटकन म्हणाले, "त्यांच्या हाताला लागलंय, अंगठा चालेल का?" कारकुनानं स्टॅम्पपॅड सरकवलं. अब्बा काही बोलले नाहीत.

बाहेर आल्यावर त्यांनी खांद्यावरचा रुमाल काढला आणि उजव्या हाताला गुंडाळला. मी विचारलं, हे कशाला? म्हणाले, "कोई देख्या तो तू झूटी पडेंगी ना." पेठेत पोहोचेपर्यंत रुमाल हातालाच होता. त्या हातानंच नंतर त्यांनी पोती उचलली. मी त्यांची माफी कधी मागितली नाही. आधी सुचलं नाही, पुढे धीर झाला नाही, मग ते राहिले नाहीत.

बेगाग आणि एर्नो यांनी ही पुस्तकं का लिहिली असतील, हे मला त्या रुमालामुळे समजलं. शाळेनं त्यांना भाषा दिली आणि त्या भाषेनं आधी आईबापांना परकं केलं. मग मोठेपणी त्याच भाषेत त्यांनी आईबापांना घरी परत आणलं. शिकणं थांबवून हे दुखणं बरं होत नाही. ज्या उम्मतीला पहिला हुकूमच वाचण्याचा झाला, तिनं तसा विचारही करू नये. पण शिकलेल्या पोरानं मागे वळून बघायला हवं आणि ते त्याला आपण शिक्षकांनी सांगायला हवं.

त्या मुलीला मी प्रगतिपुस्तक परत दिलं. म्हटलं, अम्मीला घेऊन ये. दुसऱ्या दिवशी त्या आल्या, कामावरून थेट. मी त्यांना माझ्या शेजारी खुर्ची दिली, मुलीचे गुण वाचून दाखवले, त्यांच्याशी आपल्या घरच्या बोलीत बोलले. तेही वर्गासमोर. मग स्टॅम्पपॅड पुढे केलं आणि मुलीच्या सहीशेजारी त्यांचा अंगठा घेतला. कुणी हसलं नाही. मुलीनं मात्र आईची बाही घट्ट धरून ठेवली होती.

या महिन्यात एवढं करून बघा. घरात जे वडीलधारे वाचू शकत नाहीत, त्यांच्याजवळ बसून मुलांना रोज दहा मिनिटं काहीतरी मोठ्यानं वाचू द्या. गोष्ट असो, बातमी असो, हे मासिक असो. आणि ज्या भगिनीला मनातून शिकायचं आहे, तिच्या हातात लेकीचीच पाटी द्या. यास्मिनाला जमलं, तर आपल्या अम्मींना का जमू नये?

पुढच्या महिन्यात भेटू, इन्शाअल्लाह. अल्लाह हाफिज.