एच ४४.४ : कागदावरचा कोड आणि खालांचा डोळा

पौडजवळच्या एका गावातल्या आमच्या ओळखीच्या खालांच्या उजव्या डोळ्याचे काचबिंदूचे ऑपरेशन पुण्यात झाले. आठवड्याभरात त्या डोळ्याला धूसर दिसू लागले. तपासणीत डोळ्याचे प्रेशर फक्त ४ निघाले. दोन दिवस दवाखान्यात ठेवून त्यांना घरी सोडले. डिस्चार्ज कार्डावर निदानाच्या जागी इंग्रजीत एक शब्द होता, ‘हायपोटोनी’, आणि पुढे कोड, ‘एच ४४.४’.

घरी तो कागद सुनेने वाचला. हायपो म्हणजे कमी, एवढे तिला ठाऊक होते. तिने अर्थ लावला : अम्मींचा बीपी कमी झालाय. मग मीठ-साखरेचे पाणी सुरू झाले. काचबिंदूचे जुने थेंबही पूर्वीप्रमाणे दोन्ही डोळ्यांत चालू राहिले. ‘उजव्या डोळ्यातले थेंब बंद, डाव्यातले चालू’ ही ओळ कार्डाच्या मागच्या बाजूला होती, ती कुणी पाहिलीच नाही. तिसऱ्या दिवशी फेरतपासणीला गेल्यावर डॉक्टरांच्या हे लक्षात आले. अल्हम्दुलिल्लाह, नजर वाचली. पण चूक किती लहान आणि धोका केवढा मोठा होता! म्हणून या महिन्यात या कोडविषयीच बोलू.

आपला डोळा पाण्याने भरलेल्या फुग्यासारखा आहे. आत सतत एक पातळ द्रव तयार होतो आणि बारीक वाटांनी बाहेर जातो. येणे-जाणे बरोबरीचे असले की डोळ्याचा आकार आणि ताण टिकतो. हे प्रेशर पाऱ्याच्या मिलिमीटरमध्ये मोजतात. साधारण १० ते २१ हे प्रमाण ठीक मानले जाते. वाट तुंबून प्रेशर वाढले तर डोळ्याच्या नसेला इजा होते. काचबिंदूत बहुधा हेच घडते. उलट द्रव गरजेपेक्षा जास्त बाहेर गेला किंवा तयारच कमी झाला, तर प्रेशर ५-६ च्याही खाली जाते. डोळा मऊ पडतो, आतल्या पडद्याला सुरकुत्या पडतात आणि नजर धूसर होते. यालाच हायपोटोनी म्हणतात.

याची कारणे अनेक असतात. काचबिंदूच्या ऑपरेशनमध्ये द्रवाला बाहेर पडायला नवी वाट करून देतात. ती वाट कधी जास्तच वाहते किंवा जखमेतून गळती होते. डोळ्याला मार लागणे, आतली सूज, पडदा सुटणे यांमुळेही प्रेशर उतरते. म्हणजे ज्या थेंबांनी प्रेशर उतरवायचे, तेच थेंब अशा डोळ्यात घालणे म्हणजे आधीच गळणाऱ्या घागरीला आणखी एक भोक पाडणे.

आता कोडकडे येऊ. जगभरातल्या आजारांना एका यादीत क्रमांक देण्याची पद्धत १८९३ पासून चालत आली आहे. पुढे हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले. या यादीची दहावी आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०, १९९० साली मंजूर झाली. अकरावी आवृत्ती २०२२ पासून लागू झाली, तरी दवाखान्याच्या कागदांवर अजून दहावीचेच कोड दिसतात. डोळ्यांच्या आजारांचे कोड एच ०० ते एच ५९ मध्ये येतात. ४४ म्हणजे डोळ्याच्या गोलाचे विकार आणि त्यापुढचा ४ म्हणजे डोळ्याचे कमी प्रेशर.

शेजारी ठेवून पाहिले तर गोंधळ कुठे होतो ते कळते. काचबिंदू आहे एच ४०. रक्तदाब कमी होणे, म्हणजे हायपोटेन्शन, आहे आय ९५. डोळ्याला झालेली इजा आहे एस ०५. हायपोटोनी आणि हायपोटेन्शन हे शब्द कानाला जुळ्या भावंडांसारखे वाटतात. पण एक डोळ्याचा आजार आहे आणि दुसरा रक्तदाबाचा.

या कोडला जे सांगता येत नाही, ते अधिक महत्त्वाचे आहे. एच ४४.४ एवढेच लिहिले असेल तर डोळा उजवा की डावा, हे त्यातून कळत नाही. प्रेशर कशामुळे उतरले, हेही कळत नाही. अमेरिकेत हाच कोड आणखी दोन आकड्यांनी वाढवतात. एक आकडा प्रकार सांगतो आणि शेवटचा १ असेल तर उजवा, २ असेल तर डावा, ३ असेल तर दोन्ही डोळे. आपल्याकडे बऱ्याचदा छोटाच कोड असतो. त्यामुळे कोणता डोळा, मोजलेले प्रेशर किती आणि कारण काय, या तीन गोष्टी शब्दांत लिहिलेल्या असायलाच हव्यात. नसतील तर दवाखान्यातून निघण्यापूर्वी अदबीने लिहून मागा. तो रुग्णाचा हक्क आहे.

कोडचा संबंध पैशाशीही आहे. आरोग्य विम्याच्या दाव्याच्या अर्जात एक भाग दवाखान्याने भरायचा असतो. त्यात मुख्य निदान, इतर निदान आणि सोबतचे जुने आजार यांचे आयसीडी-१० कोड लिहावे लागतात. अनेक पॉलिसींत मोतीबिंदू, काचबिंदूसाठी प्रतीक्षा-काळाची अट असते. समजा, मुळशीच्या एखाद्या शेतात काम करताना काडी लागून डोळ्याचे प्रेशर उतरले आणि कागदावर इजेऐवजी काचबिंदूचा कोड पडला, तर दावा विनाकारण अडकू शकतो. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेतून उपचार झाले असतील तर लक्षात ठेवा : योजनेचा पॅकेज-क्रमांक वेगळा आणि आजाराचा कोड वेगळा. शंका असल्यास दवाखान्यातल्या आरोग्यमित्रांना विचारा.

आणि याची दुसरी बाजूही ध्यानात असू द्या. कोड चुकला असेल तर दुरुस्त करून घ्या, पण दावा मंजूर व्हावा म्हणून खोटा कोड लिहायला कुणाला सांगू नका. निदान लिहिणे ही साक्ष आहे आणि खोटी साक्ष आपल्या दीनमध्ये मोठा गुन्हा आहे. शिवाय तोच खोटा कागद उद्या दुसऱ्या डॉक्टरांच्या हाती जाईल आणि त्यावरून चुकीचे औषध दिले जाईल.

घरात कुणाचे डोळ्याचे ऑपरेशन झाले असेल तर या गोष्टी सांभाळा. थेंबांच्या बाटल्यांवर मराठीत मोठ्या अक्षरांत ‘उजवा’ किंवा ‘डावा’ लिहून ठेवा. बंद केलेली बाटली घरात ठेवूच नका. डोळा मऊ झाला का हे बोटाने दाबून पाहू नका. अचानक धूसर दिसले, डोळ्यातून खूप पाणी आले किंवा दुखू लागले, तर एसटी उद्या मिळेल म्हणून थांबू नका, त्याच दिवशी निघा. ताम्हिणीच्या पावसात मुळशीहून पुणे लांब वाटते, पण एक दिवसाचा उशीर महाग पडू शकतो.

खालांची सर्वांत मोठी तक्रार वेगळीच होती : “सजदा केल्याशिवाय नमाज कशी होईल?” डॉक्टरांनी वाकायला मनाई केली होती. शरियतने आजारी माणसाला बसून, इशाऱ्याने नमाज अदा करण्याची मुभा दिली आहे. वुजूचे पाणी डोळ्यात जाऊ द्यायचे नसेल तर काय करावे, हे आपल्या मशिदीच्या मौलानांना विचारून घ्या. ही सवलत अल्लाहची रहमत आहे, ती घेण्यात कमीपणा नाही.

आता खालांच्या उशाशी एकच बाटली असते, तिच्यावर नातीच्या अक्षरात लिहिले आहे : ‘डावा’. डिस्चार्ज कार्ड प्लास्टिकच्या पिशवीत रेशनकार्डासोबत ठेवलेले असते. डोळे ही अमानत आहे आणि त्यांचा कागदही तसाच जपायला हवा. अल्लाह सर्व आजाऱ्यांना शिफा देवो. आमीन.