‘कॅट पीपल’ : केवळ पैसे नव्हते म्हणून?

१९४२ सालच्या ‘कॅट पीपल’विषयी एक कथा हमखास सांगितली जाते. आरकेओ स्टुडिओला श्वापद दाखवणे परवडत नव्हते, म्हणून निर्माता व्हॅल ल्यूटन आणि दिग्दर्शक जाक तूर्नर यांनी ते अंधारात लपवले. कथा सोयीची आहे, आणि तिच्यात एक अन्यायही आहे : कारागिरांचे श्रेय ती जमाखर्चाच्या वहीला देऊन टाकते.

चणचण होती, हे खरेच. खर्चाची मर्यादा दीड लाख डॉलर, लांबी सव्वा तासाच्या आत, शीर्षकही स्टुडिओनेच ठरवून दिलेले. ऑर्सन वेल्सच्या ‘द मॅग्निफिसंट अँबरसन्स’साठी बांधलेला भव्य जिनाच इथे पुन्हा वापरला गेला.

पण त्याच काळात छोट्या कंपन्याही स्वस्तातले भयपट काढत होत्या. १९४० सालच्या ‘द डेव्हिल बॅट’मध्ये अवाढव्य वटवाघूळ राजरोस पडद्यावर भिरभिरते, आणि पाहणाऱ्याला हसू फुटते. त्याच वर्षीच्या ‘द एप’मध्ये तर बोरिस कार्लॉफ चक्क वानराचे कातडे पांघरतो! दारिद्र्यातून संयम येत असता, तर तो इथेही दिसला असता.

आता ते प्रसिद्ध दृश्य. रात्री सेंट्रल पार्कमधल्या रस्त्यावरून, दगडी भिंतीच्या कडेने ॲलिस एकटी चालली आहे. मागे इरेना. पार्श्वसंगीत नाही. छायाचित्रकार निकोलस मुसुराका दोन दिव्यांमधले अंतर काळोखाने भरून टाकतो. ॲलिस उजेडातून अंधारात आणि अंधारातून उजेडात जात राहते. उंच टाचांच्या दोन लयी ऐकू येतात. मग एकच. ॲलिस वळून पाहते, तर रस्ता रिकामा. ती पळू लागते, आणि एकाएकी श्वापदाने फिस्कारावे तसा आवाज करत चौकटीत शिरते एक बस. संकलक मार्क रॉब्सनची ही युक्ती पुढे ‘ल्यूटन बस’ याच नावाने ओळखली जाऊ लागली.

नंतरच्या असंख्य भयपटांनी यातला दणका तेवढा उचलला. भीती मात्र साठते ती त्याआधी, मागची पावले बंद पडल्यावरच्या शांततेत. ती पावले नेमकी कुठे थांबवायची, हे कोणत्याही अंदाजपत्रकात लिहिलेले नसते.

आणि श्वापद अगदीच नव्हते, असेही नाही. स्टुडिओच्या आग्रहाखातर कार्यालयातल्या रात्रीच्या प्रसंगात खरा काळा बिबट्या आणावा लागला. तो हाताशी असतानाही तूर्नरने त्याला सावल्यांत असा मिसळून टाकला, की तो दिसला की नुसता भासला, हे क्षणभर ठरवता येत नाही.